भूकंपसिंहचा शेवटचा भाग

देवयानीने इंद्रजित साबळेला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तो तराजूत बसला होता. लक्ष्मीबाई नगरच्या मार्केटमागे एका कबाड्याचं दुकान होतं, तिथला तो साखळ्यांचा भलाथोरला तराजू. एका पारड्यात लोखंडी वजनं आणि दुसऱ्या पारड्यात रद्दीच्या गठ्ठ्यावर मांडी ठोकून हा बाप्या. कबाडी त्याला खाली ओढत होता आणि हा ओरडत होता. ते ओरडणं साधंसुधं नव्हतं, असं देवयानी सांगते. त्या काळातल्या दिल्लीच्या बस माणूस पायरीवर लटकत असला तरी थांबत नसत, त्या थांबल्या. आय. एन. ए. मार्केटात बर्फावर निजवलेल्या माशांनी डोळे उघडले. सरोजिनी नगरात घासाघीस करणाऱ्या बायका दुकानदाराने सांगितलेली किंमत मोजून घरी पळाल्या. दुपारी डबा खाऊन फायलीवर डोकं टेकलेले अंडर सेक्रेटरी दचकून उठले आणि आपली सही कुठे चुकली ते शोधायला लागले. ही हकीकत ती जेव्हा जेव्हा सांगते तेव्हा दिल्लीतला आणखी एक मोहल्ला हादरतो. अलीकडे ते ओरडणं पानिपतापर्यंत गेलं आहे.

भांडण इतकंच होतं की इंद्रजित ज्यावर बसला होता ती हिंदी कॉमिक्स होती, आणि कबाडी ती पुठ्ठ्याच्या कारखान्याला धाडणार होता. सगळं दिल्लीच्या अस्सल हिंदीत चाललं होतं. मध्येच कबाड्याने एका कॉमिकचं पान ओढलं आणि पारड्यातून मराठीत आवाज आला, "मेल्या, दुमडू नकोस." देवयानी हसली. हसायला नको होतं, कारण त्याने तिच्याकडे पाहिलं आणि तिच्या हातातला गठ्ठाही पाहिला. क्वार्टरला सरकारी सफेदी व्हायची होती म्हणून वडिलांनी माळा रिकामा करायचा हुकूम सोडला होता. तिची शाळेतली कॉमिक्स घेऊन ती आली होती.

"हे विकायला आणलंय तुम्ही?"

"छे. वजन करून परत नेणार आहे. दर महिन्याला करते मी."

"यात भूकंपसिंह आहे."

"आहे ना. उद्या बुटांचा खोका होईल."

"मॅडम, तुम्ही खुनी आहात."

तराजूत बसलेल्या अनोळखी माणसाने खुनी म्हणावं, हे तिच्या आयुष्यात पहिल्यांदाच घडत होतं. तिने गठ्ठा पुन्हा लूनाच्या कॅरिअरला बांधला. कबाड्याला दिला नाही आणि इंद्रजितलाही दिला नाही. तो तिच्यामागे पायी क्वार्टरपर्यंत गेला. दार तिच्या वडिलांनी, अण्णासाहेब देवस्थळींनी उघडलं. दारात घामाने निथळणारा तरुण बघून हा टेलिफोन खात्याचा माणूस असणार असं त्यांना वाटलं आणि त्यांनी त्याला बंद पडलेला फोन दाखवला. इंद्रजितने तो दुरुस्त केला. पुढचं लग्न वगैरे त्यातूनच निघालं.

आता हा भूकंपसिंह कोण? दिल्लीच्या एका गल्लीतून निघणाऱ्या हिंदी कॉमिक्सचा तो नायक. दिवसा पाणीपुरवठ्याच्या कचेरीत कारकून, आणि संतापला की डावा पाय आपटून जमीन फाडणारा. संतापल्याशिवाय त्याला ताकद येत नसे. इंद्रजितने ही गोष्ट फार लहान वयात मनावर घेतली. त्याचे वडील सुभेदार साबळे, मूळचे कोरेगावकडचे. दिल्ली कँटोनमेंटमधल्या त्यांच्या घरात रागावायचा परवाना एकट्या सुभेदारांना होता, बाकीच्यांनी सावधान उभं राहायचं. अशा घरातल्या मुलाला उन्हाळ्याच्या सुट्टीत भाड्याने आणलेल्या, चहाचे डाग पडलेल्या, बाराजणांच्या हातून फिरलेल्या पुस्तकातून कळलं की राग ही चांगली गोष्ट आहे, तिने जमीन फाटते. मग तो आयुष्यभर पाय आपटत राहिला. जमिनीने मात्र कधी दाद दिली नाही.

भूकंपसिंहची शेवटची मालिका बऱ्याच भागांची होती. शेवटून दुसऱ्या भागात खलनायकाने त्याला उकळत्या शिशाच्या विहिरीवर उलटं टांगलं, डाव्या पायात साखळदंड अडकवले, आणि खाली छापलं होतं, "क्या भूकंपसिंह का पैर फिर कभी धरती पर पड़ेगा? पढ़िए अंतिम भाग में." आणि नेमकं एक्क्याण्णव साल उजाडलं. गच्च्यांवर डिश आल्या, गल्लीतल्या गल्लीत केबलच्या तारा लोंबायला लागल्या. ज्या मुलांनी भूकंपसिंहला विहिरीवर टांगताना पाहिलं होतं ती त्याला तसाच टांगलेला सोडून टीव्हीसमोर जाऊन बसली. प्रकाशकाने दुकान मिटलं आणि त्याच गल्लीत व्हिडिओ गेमचं पार्लर काढलं. शेवटचा भाग छापला गेला होता, असं काही जण म्हणत. काही गठ्ठे रेल्वेच्या स्टॉलांवर गेले होते म्हणे. इंद्रजितने तो कधी पाहिला नव्हता.

यावर त्याचा जो संताप होता तो सरकारपर्यंत जायचा. जेवताना घास हातात धरून तो म्हणायचा, देशाचे दरवाजे उघडले म्हणतात, त्यातून शीतपेयं आली, बूट आले, मोटारी आल्या, आणि एक माणूस विहिरीतून बाहेर काढायला कुणाला वेळ मिळाला नाही. देवयानी म्हणायची, भात निवतोय.

लग्नानंतर काही वर्षांनी ते इंदिरापुरमला राहायला गेले. बिल्डरच्या चकचकीत पुस्तिकेत कारंजी होती, तरणतलाव होता, गोऱ्या पायांची एक बाई तिथे आरामखुर्चीत पडली होती. प्रत्यक्षात लिफ्ट होती आणि तिच्याबाहेर वाळूचा ढीग होता. फ्लॅटला माळा नव्हता. नव्या घरांना माळेच नसतात आणि त्यामुळे माणसं आपलं बालपण ठेवणार कुठे, यावरही इंद्रजितने एका बिल्डरच्या मॅनेजरला त्याच्याच केबिनमध्ये फैलावर घेतलं होतं. मॅनेजरने त्याला आणखी एक पुस्तिका दिली.

नोकरी नोएडाला, एका मोबाइल कंपनीच्या तक्रार केंद्रात. दिवसभर लोक फोनवर त्याच्यावर ओरडायचे आणि त्याने "आपकी असुविधा के लिए खेद है" म्हणायचं. असला माणूस असल्या कामावर ठेवणाऱ्याची गंमतच वाटते. पण ऑफिसात तो साखरेहून गोड होता. तिथला सगळा राग साठवून तो घरी आणायचा आणि संगणकासमोर बसून खर्च करायचा.

कारण तोवर इंटरनेटवर त्याच्यासारखीच आणखी माणसं निघाली होती. कुणी गोरखपूरला बँकेत, कुणी दुबईत, कुणी रोहतकला दवाखाना चालवणारा. सगळ्यांच्या आयांनी कधी ना कधी त्यांची कॉमिक्स रद्दीत घातली होती आणि त्या एका दुःखाच्या धाग्याने ती बांधली गेली होती. एकाने चर्चेची एक जागा उघडली होती, "भूकंप सेना" नावाची. ज्याच्याकडे जे उरलंय ते त्याने स्कॅन करायचं आणि सगळ्यांना फुकट द्यायचं. इंद्रजितने स्कॅनर घेतला. पुस्तकाच्या पिना नखाने उचकटायच्या, पानं सुटी करायची, जाड शब्दकोशाखाली दाबून सपाट करायची, एकेक काचेवर ठेवायचं, मग पिवळेपणा घालवायचा, फाटलेल्या कडा भरायच्या. देवयानीची सगळी जुनी कॉमिक्स, जी तिने त्याला तराजूवर दिली नव्हती, ती लग्नात तिच्याबरोबर आपोआप आली होती. ती अशी एकेक करून जगभर गेली.

आणि जग कसं वागलं? पहिल्या पानाच्या कोपऱ्यात तो बारीक अक्षरात आपलं नाव घालायचा, लोक ते पुसून आपलं घालायचे. रात्रंदिवस खपून एक अंक चढवला की खाली कुणीतरी लिहायचा, "भाई, अगला कब?" आभार नाहीत, नमस्कार नाही. एका रविवारी दर्यागंजच्या फुटपाथवर त्याला स्वतःच्याच स्कॅनची सीडी विकायला ठेवलेली सापडली. त्यातल्या एका पानावर देवयानीच्या अंगठ्याचा ठसा होता, पान धरताना आलेला. विक्रेत्याशी त्याचं जे भांडण झालं त्याचा शेवट असा, की विक्रेत्याने त्याला जातिवंत शौकीन समजून सीडी स्वस्तात दिली. इंद्रजितने ती विकत घेतली. पुरावा म्हणून घेतली, असं तो म्हणाला. कुणाला दाखवायचा होता तो पुरावा, देव जाणे. असल्या लोकांसाठी जीव कशाला आटवायचा, असं देवयानीने विचारलं तेव्हा तो चिडून म्हणाला की लोकांसाठी कोण करतंय, एकदा शेवटचा भाग मिळू दे, तो सगळ्यांसमोर ठेवतो आणि सुटतो.

हे वाक्य अण्णासाहेबांनी ऐकलं होतं.

अण्णासाहेब केंद्र सरकारातून सेक्शन ऑफिसर म्हणून निवृत्त झालेले, मयूर विहारला डी. डी. ए. फ्लॅटमध्ये एकटे राहणारे. त्यांना आयुष्यात एकच भीती होती, ती कागद खराब होण्याची. सरोजिनी नगरात लॅमिनेशनचं पहिलं यंत्र आलं तेव्हा त्यांना मोक्षाचा मार्ग सापडला. रेशनकार्ड, डिग्री, भरलेली विजेची बिलं, देवयानीचा पोहण्यातला उत्तेजनार्थ क्रमांक, सगळं त्यांनी प्लॅस्टिकमध्ये घातलं. पत्नी हेमलताबाई गेल्या तेव्हा त्यांच्या हातची, चिवड्याचं प्रमाण लिहिलेली चिठ्ठीसुद्धा घातली, आणि त्याबद्दल त्यांना हसायची कुणाची छाती झाली नाही. सरकारी कागदाला एकच बाजू असते, मागची कोरी. म्हणून काटकसरीने ते दोन कागद पाठीला पाठ लावून, मध्ये डिंकाचं बोट फिरवून, एकाच प्लॅस्टिकमध्ये करून घेत. मयूर विहारच्या दुकानदारालाही ही पद्धत पाठ झाली होती.

त्या वर्षी अधिक महिना आला. अधिकात जावयाला वाण द्यायचं असतं. आजवर दोन अधिक महिने अण्णासाहेबांनी चांदीचा दिवा आणि महाराष्ट्र मंडळातल्या भानुमतीबाईंकडून मागवलेले अनारसे यांवर निभावले होते. या खेपेला इंदिरापुरमला येऊन अनारशांच्या ताटात त्यांनी लाल कागदात बांधलेलं काहीतरी ठेवलं आणि स्वतः ताठ बसले, प्रमोशनची यादी वाचली जायच्या आधी बसत तसे.

इंद्रजितने कागद सोडला. वर भूकंपसिंह होता. डोळे लाल, मुठी आवळलेल्या, आणि कपाळावर शब्द, "अंतिम भाग."

अण्णासाहेबांनी मग सावकाश सांगितलं. गेले कित्येक महिने ते जुन्या सहकाऱ्यांकडे फिरत होते, ज्यांना त्या काळात मुलं होती अशा प्रत्येकाकडे. आर. के. पुरममध्ये हरिदास म्हणून त्यांचे एक सेक्शनमधले, ते क्वार्टर सोडत होते. त्यांच्या मुलाच्या ट्रंकेत हे निघालं. पानं अगदी हातात मोडत होती. म्हणून तसंच दुकानात नेलं, "हमेशा जैसा कर दो" सांगितलं आणि भाजी घेऊन परत आले.

इंद्रजितने पहिला प्लॅस्टिकचा ताव उलटला, दुसरा उलटला. भूकंपसिंह विहिरीवर टांगलेला होता. पुढच्या तावावर खलनायकाची बायको रडत होती. का, ते कळत नव्हतं.

"अण्णा, मधली पानं?"

"आहेत की. एकही टाकलेलं नाही."

"कुठे आहेत?"

"आत."

देवयानीने डोळे मिटले. आता पानिपत. पण काही आवाज आला नाही. इंद्रजितने शेवटचा ताव उलटला. गोष्टीचं शेवटचं पान आत चिकटलेलं होतं आणि बाहेर ग्लुकोज बिस्किटांची जाहिरात होती. तो म्हणाला, "छान आहे." मग एक अनारसा खाल्ला. ऑफिसातल्या आवाजात बोलला तो. तो आवाज घरात कधी आला नव्हता, आणि देवयानीला त्या आवाजाची जेवढी भीती वाटली तेवढी त्याच्या आरडाओरड्याची कधी वाटली नव्हती.

राग गेला नव्हता. तो फक्त खोली बदलून बसला होता. अण्णासाहेबांची रिक्षा वळली आणि इंद्रजितने संगणक लावला. भूकंप सेनेत त्याने सगळं लिहिलं, तावांचे फोटो घातले, सासऱ्यांचं लॅमिनेशन, डिंक, भरलेली बिलं, काही सोडलं नाही. लेखन झकास होतं. माणूस चिडला की चांगलं लिहितो. सेनेतले लोक, ज्यांनी आजवर "अगला कब" यापलीकडे एक ओळ लिहिली नव्हती, त्यांना अचानक वाचा फुटली. त्या बुड्ढ्यालाच प्लॅस्टिकमध्ये घाला, असं गोरखपूरने लिहिलं. दुबईने त्याहून वाईट लिहिलं. रोहतकच्या डॉक्टरने वृद्धांच्या मेंदूबद्दल एक शास्त्रीय शंका मांडली. एकाने तर फोटो खोटे आहेत, साबळेला अंक एकट्यालाच दाबून ठेवायचा आहे, असा शोध लावला.

देवयानीने ते दुसऱ्या दिवशी वाचलं. तराजूच्या प्रसंगानंतर ती एवढी चिडली नव्हती.

"गुडघे धरून ते आर. के. पुरमचे जिने चढत होते. तुझ्यासाठी. आणि तू त्यांना चौकात उभं केलंस."

"मी एक शिवी दिली नाही."

"नाही. तू शिव्यांना पत्ता दिलास."

मग तोही उसळला. आयुष्यभर एक गोष्ट मागितली, ती हातात आली आणि डिंकाने चिकटलेली आली, आता ओरडूही नको का मी, असं त्याचं म्हणणं. ती म्हणाली, भूकंपसिंह कागदाचा माणूस आहे, त्याच्यासाठी जिवंत माणसाला...

"कागदाचा आहे म्हणूनच," तो म्हणाला. "कागद गेला की तो गेला. अण्णा तुझ्या लक्षात तरी राहतील."

तिने भिंतीवरचं बटण दाबून संगणक बंद केला. मधल्या पायऱ्या न घेता संगणक बंद करणं हा त्या घरातला सर्वांत मोठा गुन्हा होता. दोघं दोन खोल्यांत गेली. इंदिरापुरमच्या फ्लॅटांना माळा नसला तरी खोल्या दोन होत्या, बिल्डरचे उपकार.

अण्णासाहेब तिसऱ्या दिवशी न सांगता आले. जावयाचं काम बघता यावं म्हणून महाराष्ट्र मंडळाच्या वर्गात ते संगणक शिकले होते, हे दोघांनाही माहीत नव्हतं. भूकंप सेनेत ते केव्हाचे दाखल होते, पूर्ण नावाने आणि हुद्द्यासकट. त्यांनी सगळं वाचलं होतं, रोहतकच्या शास्त्रीय शंकेसह. पिशवीतून त्यांनी ब्लेड, कापूस आणि एक वाटी काढली आणि गरम पाणी मागितलं.

"बाहेरच्यांचं सोडा," ते म्हणाले. "ते मला ओळखत नाहीत. इंद्रजितराव, तुम्ही 'छान आहे' का म्हणालात?"

इंद्रजितने गरम पाणी आणून वाटीत ओतलं.

"सेक्शनमध्ये माझं चुकलं तर शिपाईसुद्धा तोंडावर सांगायचा. ही मुलगी सांगते. तुम्ही सगळ्या दिल्लीवर ओरडता, कबाड्यावर, बिल्डरवर. मी काय तुमच्या कंपनीचा ग्राहक आहे? मला खेद व्यक्त करून वाटेला लावलंत?"

"अण्णा, तुम्हाला वाईट वाटलं असतं."

"वाटलं असतं. मग संध्याकाळपर्यंत दुसरी प्रत शोधायला निघालो असतो. आता कुठल्या तोंडाने निघू?"

अण्णासाहेबांनी चष्मा चढवला आणि शेवटचा ताव पुढे ओढला. जे बघायचंय ते आधी बघून घेऊ, म्हणाले. त्यांनी ब्लेडने प्लॅस्टिकची कड कापली, कापूस बुडवला, फटीत फिरवला. इंद्रजित शेजारी येऊन बसला आणि दुसरं टोक धरलं. देवयानी उभ्यानेच बघत होती, हाताची घडी घालून, दोघांवरही चिडलेली. डिंक सुटला. पण डिंकाबरोबर पानही सुटलं. एका बाजूची शाई दुसऱ्या बाजूला गेली, कागदाची साय निघत गेली. खलनायकाचा अर्धा चेहरा बिस्किटांच्या मागच्या बाजूवर चिकटून आला. मधोमध एक पाय वाचला, डावा, उघडा, साखळदंडाशिवाय. त्याच्या खाली जे काही काढलं होतं, जमीन म्हणा की शिसं, ते कापसावर आलं.

तिघंही त्या पायाकडे बघत राहिले. मग अण्णासाहेबांनी पुढचा ताव घ्यायला हात घातला आणि इंद्रजितने तो दाबून धरला. आता नको, म्हणाला. अण्णासाहेब चिडले, अर्धवट काम त्यांनी कधी ठेवलं नव्हतं. इंद्रजित त्यांच्यावर ओरडला. तोंडावर, पूर्ण आवाजात, डिंकावरून, काटकसरीवरून, दुकानदारावरून, चिवड्याच्या चिठ्ठीपर्यंत जाऊन थांबला. अण्णासाहेबही तेवढ्याच आवाजात म्हणाले की घरात एक धड कपाट नसलेल्या माणसाने कागद कसे ठेवावेत ते त्यांना शिकवू नये. खालच्या मजल्यावरच्या बाई विचारायला आल्या. देवयानीने त्यांना दारातच सांगितलं की काही नाही, घरचंच आहे, आणि चहा टाकायला गेली.

वाचता येणारी पानं इंद्रजितने स्कॅन करून सेनेत ठेवली, प्लॅस्टिकच्या चकाकीसकट. सासऱ्यांबद्दलचं लिखाण त्याने काढून टाकलं. लोकांनी खाली लिहिलं, "भाई, बाकी कब?"

फायली ठेवायची ती फुकटची साइट काही वर्षांनी बंद झाली. घरच्या संगणकाची डिस्क त्याआधीच जळली होती. उरलेले ताव मयूर विहारला अण्णासाहेबांच्या कपाटात आहेत आणि त्यांतलं एकाआड एक पान वाचता येतं.